सुकतळा

धुळ्याच्या चौथ्या गल्लीत माझं दुकान.
पायरी फोडून मुद्दाम उतार केलाय,
इथे येणाऱ्यांना पायरी दिसते,
पण ठेच लागलेली कळत नाही.

धुडकू आप्पा महाले, एसटीचे वाहक, निवृत्त.
धुळे, साक्री, नवापूर,
तेहतीस वर्षं उभ्यानं.
मे महिन्यात देवळाच्या फरशीवर अनवाणी
पाच प्रदक्षिणा घालून घरी आले.
सुनेनं विचारलं, मामंजी, हे ओलं कसलं उमटलंय?
तेव्हा कळलं, तळवा भाजलाय.
त्यातच डाव्या पायाचं एक बोट गेलं.

गुलाबी फेसाच्या खोक्यात मी त्यांचा पाय दाबला.
टाच उमटली, चवडा उमटला,
चार बोटं,
आणि एक न उमटलेली जागा.
त्या जागेपुरताही तुकडा कापावा लागतो.
नसलेल्या बोटाचा दर मी वेगळा लावत नाही.

माझा बाप याला सुकतळा म्हणायचा.
रापीनं सोललेलं कातडं,
पुढचं काम गिऱ्हाइकाचा घाम करायचा.
बिलात सुकतळा लिहिला तर पैसे सुटत नाहीत.
चप्पल लिहिली तर नाहीच नाही:
'वैयक्तिक सुखसोय, देय नाही',
साबण, कंगवा, टॉवेल यांच्या रांगेत.
म्हणून मी लिहिते,
'मधुमेही पायासाठी साच्यावरून घडवलेले
दाब विभागणारे अंतःपट, नग दोन.'
बाप असता तर म्हणाला असता,
बरं आहे, पण हे घालायचं कशात?

मुलगा चाकणला. पॉलिसी त्याच्या कंपनीची,
आईबाप तिच्यात.
मेल येत राहिले.
डॉक्टरांच्या चिठ्ठीवर तारीख नाही.
तारीख आहे, शिक्का नाही.
शिक्का आहे, पायाचा फोटो अस्पष्ट.
मग एक दिवस:
जखम डाव्या पायास, तरी नग दोन का?
हे मी मोठ्यानं वाचलं.
आप्पा आपल्या उजव्या पायाकडे बघत राहिले,
बिनतिकीट सापडलेल्या पोराकडे बघावं तसे.
म्हणाले,
"साक्रीना बाजारले मी कोंबडीनं बी तिकीट फाडेल शे,
बोकडनं बी. कोष्टक राहे.
पायनं कोष्टक नही का त्यासनाकडे?"

अठ्ठेचाळिसाव्या दिवशी उत्तर आलं.
अंतःपट मंजूर.
बूट नामंजूर.

आप्पांनी पिशवीतून गणवेशावरचे काळे बूट काढले,
पॉलिश अजून होतं.
सुकतळा आत गेला, तर पाय जाईना.
पाय गेला, तर सुकतळा टाचेमागून वर आला.
आम्ही दोघंही हसलो,
मग मी बूट त्यांच्या हातातून काढून घेतले,
कारण ते ओढून बसवायला लागले होते.

नवे बूट मी केले. खोल, रुंद,
आतून कुठेही शिवण नाही.
उधारीच्या वहीत त्यांच्या नावापुढे 'हाफ' लिहिलं.
त्यांनी खोडलं,
स्वतःच्या वळणदार अक्षरात 'फुल' लिहिलं,
खाली दरमहा पाचशे,
आणि माझं पेन सवयीनं कानावर ठेवलं.

दारापर्यंत गेले, परत आले.
"बसनात का वं बूट?"
मी म्हटलं, ते तुम्ही सांगायचं, आप्पा.
"माले काय समजस? तू देखीसन सांग."

घड्याळ लावून वीस मिनिटं चालवलं त्यांना,
गल्लीच्या टोकापर्यंत, रसवंतीला वळसा घालून.
मग खाली बसले, मोजे उतरवले.
टाच ठीक. घोटा ठीक.
करंगळीच्या कडेला थोडी लाली.
तिथे बोट दाबलं, सोडलं,
आणि रंग परत येण्याची वाट बघत राहिले.